युनिया की युनियास: रोमकरांस पत्रातील एका नावाचे प्रकरण

इ.स. 56-57 च्या सुमारास करिंथ शहरात मुक्कामाला असताना ख्रिस्ती धर्माचा आरंभीचा प्रचारक पौल याने रोममधील ख्रिस्ती मंडळ्यांना एक दीर्घ पत्र सांगून लिहवून घेतले. पाप, कृपा, विश्वास आणि नियमशास्त्र या विषयांवरच्या त्या पत्रातील विवेचनावर गेली दोन हजार वर्षे भाष्ये लिहिली जात आहेत. सोळाव्या आणि शेवटच्या अध्यायाकडे मात्र बराच काळ कोणी फारसे लक्ष दिले नाही, कारण तो जवळजवळ सगळा 'अमक्याला सलाम सांगा, तमकीला सलाम सांगा' अशा वाक्यांनी भरलेला आहे. घरून आलेल्या पत्रातला 'थोरांस नमस्कार, लहानांस आशीर्वाद' हा भाग आपण जसा नजरेखालून घालून सोडून देतो, तसाच हा अध्याय सोडून दिला गेला. या अध्यायातील सातव्या वचनात जी दोन नावे एकत्र येतात, त्यांपैकी दुसऱ्या नावाचे काय झाले, एवढाच या लेखाचा विषय आहे. आरंभीच्या ख्रिस्ती ग्रंथांतील स्त्रिया आणि सत्ता यांच्या अभ्यासात हे प्रकरण मला सर्वांत बोलके वाटते, कारण यात पुरावा जवळजवळ जागचा हलला नाही आणि तरीही निष्कर्ष दोनदा उलटला.

वचनाचा आशय असा आहे. अंद्रोनिक आणि युनिया यांना सलाम सांगा; ते माझे जातबांधव आहेत, माझ्याबरोबर बंदिवासात राहिलेले आहेत, प्रेषितांमध्ये नामांकित आहेत आणि माझ्या आधीपासून ख्रिस्तात आहेत. पौलाचे परिवर्तन येशूच्या मृत्यूनंतर थोड्याच वर्षांत झाले. त्याच्याही आधी ही दोघे विश्वासात आली असतील, तर ती अगदी पहिल्या पिढीतली माणसे ठरतात. 'प्रेषित', म्हणजे ख्रिस्ताने आपला संदेश देऊन पाठवलेला, हे बिरुद पौल सहजासहजी कोणाला देत नाही. स्वतःला ते लावून घेण्यासाठी त्याला अनेकदा भांडावे लागले होते, आणि आपण प्रभूला पाहिले आहे हा त्याचा त्यासाठीचा दावा होता. असा माणूस दुसऱ्या कोणाला प्रेषितांमध्ये नामांकित म्हणतो, तेव्हा ती साधी स्तुती नसते.

प्रश्न दुसऱ्या नावाचा आहे. वाक्यात ते कर्माच्या विभक्तीत येते आणि त्याची अक्षरे 'इउनिअन' अशी आहेत. 'युनिया' या स्त्रीच्या नावाचे हे रूप होऊ शकते आणि, असे नाव खरोखर अस्तित्वात असेल तर, 'युनियास' या पुरुषाच्या नावाचेही होऊ शकते. दोहोंत फरक फक्त स्वराघाताच्या चिन्हाचा आहे. चिन्ह उपांत्य स्वरावर असेल तर ती बाई, शेवटच्या स्वरावर वेलांटीसारखे असेल तर तो बुवा. पौलाच्या काळात आणि त्यानंतर काही शतके ग्रीक हस्तलिखिते मोठ्या अक्षरांत, शब्दांमध्ये जागा न सोडता आणि बहुधा स्वराघाताची चिन्हे न देता लिहीत. मोडी कागद वाचलेल्या माणसाला ही अडचण वेगळी समजावून सांगावी लागत नाही. मोडीत ऱ्हस्व-दीर्घाचा भेद नसतो आणि शब्दही तोडून लिहिलेले नसतात. लिहिणाऱ्याच्या मनात 'दिन' होता की 'दीन', हे वाचणाऱ्याने मागच्यापुढच्या मजकुरावरून ठरवायचे असते. इथेही तसेच ठरवायचे होते. मागचापुढचा मजकूर 'प्रेषित' म्हणत होता, आणि सारी अडचण तिथेच होती.

या वचनातील 'जातबांधव', 'सहबंदिवान' आणि 'नामांकित' ही रूपे पुल्लिंगी अनेकवचनी आहेत, म्हणून दोघेही पुरुषच असले पाहिजेत, असा एक युक्तिवाद अधूनमधून ऐकू येतो. मराठी वाचकाने त्यावर क्षणभरही थांबू नये. 'माझे आईवडील आले' असे आपण म्हणतो, म्हणून आई पुरुष ठरत नाही. स्त्रीपुरुषांचा एकत्र उल्लेख असेल तर ग्रीक भाषाही पुल्लिंगी अनेकवचनच वापरते.

आता पुराव्याकडे वळू. युनिया हे रोममधले अगदी नेहमीचे नाव होते. युनियस या जुन्या कुळातील मुलींना ते मिळे. सीझरच्या मारेकऱ्यांपैकी ब्रूटसची बहीण युनियाच होती. त्या कुळाने मुक्त केलेल्या दासींना आणि त्यांच्या लेकींनाही तेच नाव लागे. पौलाची युनिया ज्यू होती, त्यामुळे ती याच दुसऱ्या वाटेने, म्हणजे गुलामीतून सुटलेल्या घरातून आलेली असावी, असा अंदाज अनेक अभ्यासक करतात. रोम शहरातल्याच ग्रीक आणि लॅटिन कोरीव लेखांत हे स्त्रीनाव 250 हून अधिक वेळा सापडले आहे. 'युनियास' हे पुरुषाचे नाव मात्र त्या काळातल्या कोणत्याही कोरीव लेखात, पत्रात किंवा ग्रंथात सापडलेले नाही. ते 'युनियानस' या नावाचे लाडके संक्षिप्त रूप असावे, अशी तडजोड पुढे मांडली गेली. तसे संक्षेप ग्रीकमध्ये होत असले, तरी या विशिष्ट नावाचा तसा संक्षेप झाल्याचे एकही उदाहरण तिच्या पाठीशी नाही. 2008 मध्ये अल वोल्टर्स यांनी हे मूळ हिब्रू पुरुषनाव असू शकेल, अशी वेगळी मांडणी केली. ती अभ्यासपूर्ण आहे, पण ज्या नावाचे शेकडो पुरावे आहेत ते बाजूला सारून ती स्वीकारायला पुरेसे कारण मला दिसत नाही.

प्राचीन वाचकांची साक्ष याहूनही वजनदार आहे. पौलाच्या पत्रांचे आपल्या हाती असलेले सर्वांत जुने मोठे हस्तलिखित म्हणजे इ.स. 200 च्या सुमाराचा एक पपायरस. त्यात या जागी 'युलिया' असे नाव आहे. ती नक्कल करताना झालेली चूक असावी, कारण पुढे पंधराव्या वचनात एक युलिया खरोखरच येते. पण त्या लेखनिकाच्या डोळ्यांसमोर बाईच होती, हे त्या चुकीतूनही कळते. पुढे छोट्या अक्षरांची लिपी रूढ होऊन लेखनिक स्वराघाताची चिन्हे देऊ लागले, तेव्हा त्यांनी या नावावर प्रामुख्याने स्त्रीनावाचेच चिन्ह दिले. चौथ्या शतकाच्या अखेरीस योहान ख्रिसोस्तोम हा ग्रीक धर्मोपदेशक या पत्रावर प्रवचने देताना या वचनापाशी थांबतो आणि प्रेषित म्हणवून घेण्यास पात्र ठरलेल्या या बाईची ज्ञाननिष्ठा केवढी थोर असेल, असे उद्गार काढतो. हा स्त्रियांचा कैवारी मुळीच नव्हता. याजकपदापासून त्याने त्यांना स्पष्टपणे दूर ठेवले आहे, आणि तीमथ्याच्या पहिल्या पत्रावरील प्रवचनात तो म्हणतो की बाईने एकदा शिकवले आणि सगळ्याचा नाश केला. युनियाला बाई ठरवण्यात त्याचा काहीच फायदा नव्हता, उलट अडचणच होती. तरीही ग्रीक ही ज्याची मातृभाषा त्या माणसाला त्या वाक्यात बाईच दिसली आणि प्रेषितच दिसली. या एका साक्षीला मी बाकी सगळ्या तर्कांपेक्षा जास्त मान देतो.

नावाचे पुरुषात रूपांतर कधी झाले, हे बऱ्यापैकी सांगता येते. प्रेषितांच्या शिष्यांची एक जुनी यादी एपिफानियस या बिशपाच्या नावावर चालते. तीत युनियास हा पुरुष आणि बिशप आहे, पण तीच यादी याच अध्यायातील प्रिस्का (म्हणजेच प्रिस्किल्ला) या बाईलाही पुरुष करून ठेवते, तेव्हा तिच्यावर किती विसंबायचे ते वाचकाने ठरवावे. मध्ययुगात तेराव्या-चौदाव्या शतकांच्या संधिकाळातील रोमचा जाइल्स या धर्मपंडिताने दोघांनाही पुरुष मानले. निर्णायक घाव मार्टिन ल्यूथरच्या 1522 च्या जर्मन नव्या कराराने घातला, कारण त्यात त्या नावापुढे पुल्लिंगी उपपद आले. ते भाषांतर घराघरांत पोचले आणि त्याबरोबर तो पुरुषही पोचला. इंग्लंडमध्ये 1611 च्या भाषांतरात ती युनियाच राहिली. 1881 च्या सुधारित इंग्रजी आवृत्तीत तिचा युनियास झाला, आणि 1946 च्या अमेरिकन भाषांतराने 'नामांकित माणसे' म्हणताना पुरुषवाचक शब्द वापरून उरलीसुरली शंकाही पुसून टाकली.

ग्रीक संहितेची कथा याहून चमत्कारिक आहे. 1516 मध्ये इरॅस्मसने ग्रीक नवा करार छापला, तेव्हापासून विसाव्या शतकापर्यंतच्या जवळजवळ सर्व छापील आवृत्त्यांत या नावावर स्त्रीनावाचे चिन्ह होते. 1927 मध्ये ग्रीक नव्या कराराच्या नेस्ले आवृत्तीच्या तेराव्या मुद्रणात ते चिन्ह बदलले गेले. जगभरच्या धर्मशास्त्र महाविद्यालयांत विद्यार्थी ज्या ग्रंथावर ग्रीक शिकतात, तो हाच ग्रंथ. त्यानंतर सात दशके ती बाई त्या पानावर नव्हती. 1998 च्या मुद्रणात चिन्ह पुन्हा मूळ जागी आले. दोन्ही वेळा कोणतेही नवे निर्णायक हस्तलिखित सापडलेले नव्हते.

मग बदलले काय? याचे उत्तर संपादक मंडळाच्याच कागदांत आहे. या मंडळाचे सदस्य ब्रूस मेत्झगर यांनी संहितेवर जी टीपा-टिप्पणी प्रसिद्ध केली, तिच्या 1994 च्या आवृत्तीत ते प्रांजळपणे नोंदवतात की 'प्रेषित' म्हटलेल्यांमध्ये बाई असणे संभवत नाही असे वाटल्यामुळे काही सदस्यांनी हे नाव पुरुषाचे मानले. ही नोंद मी पहिल्यांदा वाचली तेव्हा पुन्हा वाचून खात्री करून घेतली. बाई प्रेषित होत्या की नाही हे ज्या वचनावरून शोधायचे, त्याच वचनाचा अर्थ 'बाई प्रेषित असूच शकत नाही' या गृहीतकाने ठरवला गेला होता. न्यायाधीशाने आधी निकाल लिहून ठेवावा आणि मग साक्षीदाराच्या जबानीतील शब्द त्याला जुळवून घ्यावेत, असा हा प्रकार आहे. याचा दोष एकट्या कोणाचा नाही. ती विद्वत्तेची त्या काळची सवय होती, आणि ती सवय उघड होण्यासाठी बाहेरून प्रश्न विचारणारे कोणीतरी यावे लागले.

ते प्रश्न 1970 च्या दशकात आले. ऑक्टोबर 1976 मध्ये व्हॅटिकनने स्त्रियांना याजकपद देता येणार नाही असे निवेदन काढले. त्याला उत्तर म्हणून 1977 मध्ये जो लेखसंग्रह प्रसिद्ध झाला, त्यात बर्नाडेट ब्रूटन या तरुण संशोधिकेचा युनियावरील एक छोटा लेख होता. पुरुष 'युनियास' नावाचा पुरावा शून्य आहे, ही साधी गोष्ट तिने थेट मांडली. याच ब्रूटन यांनी 1982 मध्ये प्राचीन सभास्थानांतील, म्हणजे ज्यूंच्या प्रार्थनास्थळांतील, स्त्रियांवर एक ग्रंथ लिहिला. त्यात त्यांनी 19 ग्रीक व लॅटिन कोरीव लेख तपासले, ज्यांत ज्यू स्त्रियांना सभास्थानाची अधिकारी, वडील, माता अशी पदनामे लावलेली आहेत. स्मुर्ण्यातील रुफिना नावाची ज्यू स्त्री अशाच एका लेखात सभास्थानाची अधिकारी म्हणून येते, आणि आपण मुक्त केलेल्या गुलामांसाठी व घरात वाढलेल्यांसाठी बांधलेल्या थडग्याबद्दल बोलते. पूर्वीच्या विद्वानांनी ही पदे नवऱ्यामुळे मिळालेली किंवा केवळ मानाची ठरवली होती. पुरुषाच्या नावापुढे तेच पद असले की ते खरे काम, बाईच्या नावापुढे असले की शोभेचे.

रुफिनाचा लेख आणखी एका कारणाने लक्षात ठेवावा लागतो. ती अधिकारी होती आणि मालकीणही होती. स्त्री एवढ्या एका शब्दाने सत्तेचा हिशोब पुरा होत नाही. दुसरे असे की, येशूच्या चळवळीने स्त्रियांना मोकळे केले आणि ज्यू समाजाने त्यांना दडपले होते, अशी सोपी गोष्ट काही ख्रिस्ती अभ्यासक सांगत आले. तिला ज्यू स्त्रीवादी अभ्यासकांनी, विशेषतः ज्युडिथ प्लास्को आणि एमी-जिल लेव्हाइन यांनी, योग्य तोच आक्षेप घेतला आहे. युनिया स्वतः ज्यू होती. पौलाने तिला आपली जातबांधव म्हटले आहे, तेव्हा तिचा मान ज्यू समाजाविरुद्धचा पुरावा म्हणून वापरता येत नाही.

युनिया स्त्री होती हे मान्य होत गेले, तसा या प्रकरणाचा दुसरा अंक सुरू झाला. आता शंका नावावर नव्हती, 'मध्ये' या शब्दावर होती. 2001 मध्ये मायकेल बरर आणि डॅनियल वॉलेस यांनी एका संशोधनपत्रिकेत असे मांडले की, वचनाचा अर्थ 'प्रेषितांमध्ये नामांकित' असा नसून 'प्रेषितांना सुपरिचित' असा आहे. त्याच वर्षी निघालेल्या एका इंग्रजी भाषांतरात हाच अर्थ छापला गेला. मूळ ग्रीक विशेषण 'एपिसेमोस' आहे. त्याचा मूलार्थ छाप किंवा खूण असलेले असा असून ते शिक्का मारलेल्या नाण्यालाही लावत. त्यावरून उठून दिसणारा, प्रसिद्ध, आणि कधी कुप्रसिद्धही, असे अर्थ आले. मत्तयाच्या शुभवर्तमानात बरब्बा या कैद्याला हेच विशेषण आहे. रिचर्ड बॉकम यांनी 2002 मध्ये, लिंडा बेलव्हिल आणि एल्डन एप यांनी 2005 मध्ये या मांडणीतली उदाहरणे एकेक करून तपासली आणि त्यांतली काही उलट बाजूचीच साक्ष देतात हे दाखवले. मला या वादात ख्रिसोस्तोमचीच पुन्हा आठवण होते. 'परिचित' हा अर्थ ग्रीकमध्ये सहज लागत असता, तर स्त्रियांना शिकवू न देणाऱ्या त्या प्रवचनकाराने तो आनंदाने लावला असता.

तिसरी पळवाटही आहे: 'प्रेषित' म्हणजे इथे केवळ निरोप्या. पौल एपफ्रदीतसारख्या मंडळीच्या प्रतिनिधीला तो शब्द लावतो हे खरे आहे, पण तिथे तो कोणाचा निरोप्या हे सांगतो. निरोप्यांमध्ये नामांकित असणे ही काही सांगण्यासारखी ख्याती नव्हे. या तिन्ही वळणांचा क्रम पाहिला की एक गोष्ट नजरेत भरते. ती व्यक्ती पुरुष मानली जात होती तोवर ती निःशंक प्रेषित होती. 'मध्ये'चा अर्थ काढत बसणारे तेव्हा थोडेच होते. ती बाई ठरली आणि 'मध्ये' संदिग्ध झाला, मग 'प्रेषित' हलका झाला.

हे एकट्या युनियाचे नाही. कलस्सैकरांस पत्राच्या शेवटी लावदिकीयाकडील नुंफा आणि 'तिच्या' घरातली मंडळी यांना सलाम आहे. त्या नावातही स्वराघाताचीच संदिग्धता आहे, पण पुढे सर्वनाम असल्याने गुपित फुटते. व्हॅटिकन हस्तलिखितात 'तिच्या घरी' आहे, काहींत 'त्याच्या घरी' केलेले आहे, आणि काहींत 'त्यांच्या घरी' असा मधला मार्ग काढलेला आहे. प्रेषितांची कृत्ये या पुस्तकात प्रिस्किल्ला आणि अक्विला हे जोडपे अपुल्लोस या प्रचारकाला मार्ग समजावून देते, तिथे जुन्या हस्तलिखितांत तिचे नाव आधी आहे. बेझा हस्तलिखितात नवऱ्याचे आधी आले आहे. घराची मालकी आणि शिकवण्याचा अधिकार, या दोनच जागी लेखनिकांचे हात अडखळलेले दिसतात.

आपल्याकडच्या वाचकाला इथे पंडिता रमाबाई आठवल्याशिवाय राहणार नाहीत. 1883 मध्ये त्या इंग्लंडला गेल्या, वाँटेज येथे त्यांनी बाप्तिस्मा घेतला आणि मग चेल्टनहॅमच्या महिला महाविद्यालयात त्या शिकू व शिकवू लागल्या. तिथे त्यांनी पुरुष विद्यार्थ्यांनाही शिकवावे असा विचार निघाला, तेव्हा हिंदुस्थानातील इंग्रज बिशपांनी हरकत घेतली. रमाबाईंनी पत्रातून कळवलेले आश्चर्य असे होते की, त्यांच्या वडिलांनी आणि पतीने ज्या गोष्टीला हरकत घेतली नाही, तिला हे इंग्रज लोक हरकत घेत आहेत. हीच बाई पुढे केडगावला हिब्रू आणि ग्रीक मुळांवरून संपूर्ण बायबल सोप्या मराठीत आणण्याच्या कामात आयुष्याच्या अखेरपर्यंत गढली, आणि 1922 मधील तिच्या मृत्यूनंतर दोन वर्षांनी ते प्रसिद्ध झाले. ज्या ग्रंथाच्या आधाराने बायकांना गप्प बसवले जात होते, तो ग्रंथ एका बाईने मुळापासून स्वतः वाचला, ही घटना मला युनियाच्या प्रकरणाशी थेट जोडलेली वाटते.

या प्रकरणातून काय सिद्ध होते याची मर्यादा सांभाळली पाहिजे. पहिल्या शतकात स्त्रीपुरुष समतेचे सुवर्णयुग होते आणि मग बिशपांनी ते मोडले, असे युनियावरून म्हणता येत नाही. पहिल्या करिंथकरांस पत्रातच एका जागी बायका प्रार्थना व संदेश सांगताना डोके झाका असे आहे आणि दुसऱ्या जागी त्यांनी मंडळीत गप्प राहावे असे आहे. ती गप्प राहण्याची वचने काही हस्तलिखितांत वेगळ्याच जागी येतात म्हणून ती मागाहून आली असावीत असे अनेकांना वाटते, पण वाद मिटलेला नाही. एलिझाबेथ क्लार्क या अभ्यासिकेने वारंवार बजावले की, पुरुषांनी लिहिलेल्या या ग्रंथांतल्या स्त्रियांतून खरी स्त्री किती मिळते आणि लिहिणाऱ्याचे हेतू किती मिळतात, हे आधी विचारावे. युनियाचे स्वतःचे एक वाक्यही आपल्याकडे नाही. मात्र रोमकरांस पत्राच्या सोळाव्या अध्यायात ती एकटी नाही. फिबीसह तिथे 10 स्त्रिया येतात. किंख्रियाच्या मंडळीची सेविका फिबी हिला पौल आपली आश्रयदाती म्हणतो, आणि हे पत्र तिनेच रोमला नेले असावे. 'श्रम केले' हे क्रियापद त्याने इथे मरीया, त्रुफैना, त्रुफोसा आणि पर्सिस या चार बायकांसाठीच योजले आहे. स्वतःच्या प्रचारकार्यासाठीही तो तेच योजतो.

प्रेषितपदावरच्या या सगळ्या भांडणात वचनातला एक शब्द मागे राहिला, तो म्हणजे सहबंदिवान. मूळ शब्द युद्धात पकडलेल्या कैद्याचा आहे. गप्प बसलेल्या, घरात राहणाऱ्या बाईला रोमन अधिकारी तुरुंगात टाकत नसत. युनिया काय बोलली, कुठे बोलली आणि कोणापुढे, हे लिहिलेले नाही, पण ते अधिकाऱ्यांच्या कानावर जाण्याइतके उघड होते. तिच्यानंतर अर्ध्या शतकाने, इ.स. 112 च्या सुमारास, बिथुनियाचा राज्यपाल प्लिनी सम्राट त्राजानाला कळवतो की ख्रिस्ती लोकांचा हा प्रकार नेमका काय आहे हे काढून घेण्यासाठी त्याने दोन दासींचा छळ केला, ज्यांना त्यांचे लोक सेविका म्हणत. चौकशीसाठी त्याने निवडल्या त्या या दोघी पदधारी बायका. त्यांचे पद त्याने नोंदवले. नावे नोंदवली नाहीत.